जत्रेसमोरचा कॅमेरा

सालेकसा तालुक्यातल्या कचारगडच्या गुहेत कोंडलेली मुले लिंगोने मुक्त केली, ही गोंडांची श्रद्धा. माघ पौर्णिमेला अनेक राज्यांतून गोंड बांधव येथे येतात. मागोमाग कॅमेरेही येतात. पण त्यांना हवा असतो नाच आणि पोशाख, यात्रेमागची कथा नव्हे.

अशा वेळी सावेदादा आठवतात. मुंबईचे छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ साली हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली, १९०१ साली रँग्लर परांजप्यांचे स्वागत. तेव्हाचा कॅमेरा तिवईवर स्थिर. हालचाल करायची ती समोरच्या माणसांनी. ती केवळ यंत्राची मर्यादा होती, पण माहितीपटाच्या छायालेखकाने तिचेच व्रत करावे. कचारगडला आधी गुहेपर्यंत चढावे, कथा ऐकावी. कॅमेरा मग सुरू करावा.