डोंगरांचे धन

गोंदिया जिल्ह्याचे नाव निघाले की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे तलाव आणि धानाच्या बांध्या उभ्या राहतात. 1 मे 1999 रोजी भंडारा जिल्ह्यातून वेगळा झालेला हा जिल्हा 'तलावांचा जिल्हा' म्हणूनच ओळखला जातो. प्रवासी येतात ते नागझिऱ्याच्या अरण्यात वाघ पाहावयास, नवेगावबांधच्या जलाशयावर पक्षी पाहावयास, किंवा पावसाळ्यात दरेकसा येथील हाजरा धबधब्याखाली भिजावयास. परंतु ज्या डोंगरांच्या अंगाखांद्यावर हे अरण्य वाढले आणि ज्यांच्या कड्यांवरून हे पाणी कोसळते, त्या डोंगरांकडे निरखून पाहणारा विरळाच. दगडाची आठवण होते ती घर बांधताना वा रस्ता करताना. तो फुटून गाडीत भरला गेला म्हणजे त्याला किंमत आली, असे मानण्याची रीत पडली आहे. ही मोजणी फार अपुरी आहे.

उंचीच्या दृष्टीने पाहिले तर हे डोंगर ठेंगणेच. कळसूबाईच्या 1646 मीटर उंच शिखरापुढे त्यांनी मान वर करू नये. पण वयाचा प्रश्न निघाला की सारी बाजू उलटते. सह्याद्रीचा काळा पाषाण ज्या लाव्हारसापासून झाला, तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी वाहिला. हिमालय वर उचलला जाऊ लागला त्यालाही सुमारे पाच कोटी वर्षेच लोटली. सह्याद्रीकडून आलेला काळा पाषाण नागपूरच्या सीताबर्डीच्या टेकडीपर्यंत दिसतो. त्याच्या पूर्वेकडे मात्र तो संपतो आणि त्याहून कितीतरी प्राचीन असा भूमीचा मूळ पाया उघडा पडतो. दरेकशाच्या बाजूचे खडक दोनशे कोटी वर्षांहूनही जुने आहेत. अर्जुनी मोरगाव तालुक्यात गोठणगावाजवळ 1972 पासून तिबेटी लोकांची वसाहत आहे. जगातील सर्वांत उंच, पण वयाने कोवळ्या अशा पर्वतांच्या पलीकडून आलेली ही माणसे एका अतिवृद्ध भूमीच्या आश्रयाला येऊन राहिली, हा योगायोग मोठा मौजेचा आहे.

ह्या वृद्ध भूमीने एकेकाळी अग्नीचे तांडव पाहिले. आज जेथे बांबू आणि मोहाची झाडे शांतपणे उभी आहेत, तेथे ज्वालामुखी धगधगत होते. त्यांतून बाहेर पडलेला रस व राख थिजून जो खडक झाला, त्याला भूशास्त्रज्ञ 'बिजली रायोलाइट' म्हणतात. काही रस वर येऊ शकला नाही. तो भूमीच्या पोटातच राहिला आणि फार सावकाश निवला. त्याचा ग्रॅनाइट झाला. पुढे वरची जमीन झिजून गेल्यावर हा ग्रॅनाइटही उघड्यावर आला. दोन्ही खडकांतील द्रव्ये बरीचशी सारखीच. फरक आहे तो निवण्याच्या वेगाचा. साखरेचा पाक हळूहळू निवू दिला तर खडीसाखरेचे ठसठशीत खडे बांधले जातात, आणि घाईने निवला तर बारीक कण होतात. तसेच येथे घडले. म्हणून ग्रॅनाइटमध्ये गुलाबी, पांढरे, काचेसारखे आणि काळे कण डोळ्यांनी वेगवेगळे दिसतात, तर रायोलाइट हाताळताना त्याचे बहुतेक अंग एकजीव वाटते. वाटेवरचे दोन दगड हाती घेऊन कोणता रस घाईत निवला आणि कोणता सावकाश, हे सहावी-सातवीतील विद्यार्थ्यालाही ओळखता येईल.

ह्या प्रदेशाने जगाच्या भूशास्त्राला शब्दही दिले आहेत. मेडलिकॉट ह्या शास्त्रज्ञाने 1872 मध्ये मध्य भारतातील विशिष्ट थरांसाठी गोंडांच्या भूमीचे 'गोंडवन' हे नाव योजिले. पुढे 1885 मध्ये ऑस्ट्रियातील एडुआर्ड झ्यूस ह्या पंडिताने त्यावरूनच एका विशाल प्राचीन भूखंडाला नाव दिले. भारत, आफ्रिका, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया व अंटार्क्टिका हे ज्याचे तुकडे मानले जातात, ते हे गोंडवन. 1909 मध्ये फर्मोर ह्या संशोधकाने मँगनीजयुक्त गार्नेट व गारगोटी ह्यांच्या एका खडकाचे वर्णन केले आणि गोंड लोकांवरूनच त्याला 'गोंडाइट' म्हटले. ब्राझीलमधील वा आफ्रिकेतील विद्यार्थी ही नावे पाठ करतो. ती ज्यांच्यावरून पडली त्यांच्या शेजारी राहणाऱ्या मुलांना ती ठाऊक नसावीत, ही गोष्ट काही भूषणावह नव्हे.

खनिजांच्या बाबतीतही हा सारा टापू संपन्न आहे. शेजारच्या भंडारा व बालाघाट जिल्ह्यांत मँगनीजच्या मोठ्या खाणी आहेत. पोलाद कणखर व्हावे म्हणून मँगनीज लागते, आणि भंडारा जिल्ह्यातील डोंगरी बुजुर्ग येथील खनिजाचा उपयोग विजेरीतील कोरड्या घटांसाठीही होतो. भंडाऱ्याच्या बाजूला सापडणारे कायनाइट हे निळसर खनिज तर मोठे विलक्षण आहे. त्याच्या लांबट स्फटिकावर सुरी उभी ओढली तर ओरखडा उठतो. तीच आडवी ओढली तर उठत नाही! प्रखर उष्णतेतही टिकणाऱ्या भट्टीच्या विटा ह्या खनिजापासून करतात. तेव्हा खाण म्हणजे केवळ नासाडी, असे म्हणणे बरोबर नाही. जो घरात विजेरी वापरतो आणि लोखंडी रुळांवरून प्रवास करतो, त्याने खाणीला सरसकट नावे ठेवू नयेत.

परंतु सगळेच डोंगर एका मापाने मोजावयाचे नसतात. गोंदियाच्या डोंगरांचे जे सर्वांत मोठे देणे आहे, ते खणून काढता येत नाही. ते देणे म्हणजे पाणी. येथील खडक कठीण व घट्ट. वाळूच्या दगडात जशी बारीक छिद्रे असतात तशी त्यांत जवळजवळ नसतात. पावसाचे पाणी भेगांत आणि वरच्या मुरुमाच्या थरात मुरते तेवढेच. उरलेले उतारावरून धावत सुटते. ज्या भूमीत पाणी साठत नाही, तिथे ते वर अडविल्यावाचून गत्यंतर नाही. पूर्वीच्या लोकांनी, त्यांतही विशेषेकरून कोहळी समाजातील कुशल शेतकऱ्यांनी, ही गोष्ट कोणत्याही ग्रंथावाचून ओळखली होती. दोन टेकड्या जिथे जवळ येतात तिथेच त्यांनी मातीची पाळ घातली. अशा ठिकाणी पाळ आखूड लागते आणि बाकीच्या भिंतीचे काम डोंगरच करतात. नवेगावबांधचा सुमारे 11 चौरस किलोमीटरांचा जलाशय अठराव्या शतकाच्या आरंभी कोलू पाटील कोहळी ह्यांनी बांधला, असे परंपरा सांगते. त्याच्या भोवतालच्या सात टेकड्यांना लोक 'सात बहिणी' म्हणतात; बहिणींनी हात धरावेत तशा त्या पाण्याभोवती उभ्या आहेत.

नवेगावच्या जलाशयासारखे मोठे तलाव थोडे, पण गावोगावच्या बोड्या आणि लहान तलाव असंख्य. 1950 च्या कायद्याने मालगुजारी संपली आणि त्यांतील बहुतेक 'माजी मालगुजारी तलाव' म्हणून शासनाकडे आले. ह्या पाण्यावर धान पिकते. पाणथळ जागेत आणि धानाच्या बांध्यांत सारस पक्षी घरटे करतो. महाराष्ट्रात हा पक्षी मुख्यतः ह्याच जिल्ह्यात उरला आहे, आणि धानाच्या शेतात उभी असलेली सारसाची जोडी पाहावयास लोक दूरदूरून येतात. खडक घट्ट म्हणून तलाव, तलाव आहे म्हणून धान, आणि पाणी व धान आहे म्हणून सारस! तलावाच्या माथ्यावरचा डोंगर फोडला किंवा त्याचे रान तोडले तर माती सुटून तलावात येते, तलाव उथळ होतो. मग दगडाचे पैसे एकाच्या पदरात पडतात आणि कोरड्या बांध्या दुसऱ्याच्या. असा व्यवहार न्यायाचा म्हणता येणार नाही. ज्याचे पाणी तलावात उतरते, तो डोंगर अभंग राहावा हेच योग्य.

आणखी एका प्रकारचा डोंगर असतो. सालेकसा तालुक्यात दरेकशाजवळ कचारगडच्या प्रचंड नैसर्गिक गुहा आहेत. तेथे कच्चे लोखंड सापडते म्हणून हे नाव पडले, असे काही लोक सांगतात. गोंड लोकांना मात्र हे स्थान आपल्या धर्माचे उगमस्थान वाटते. त्यांच्या कथेप्रमाणे माता काली कंकाली हिची 33 मुले येथील गुहेत कोंडली गेली होती. पारी कुपार लिंगो व जंगो रायताड ह्यांनी त्यांची सुटका केली. गुहेच्या तोंडावरील शिळा सारताना हिरासुका पाटालीर हा संगीतकार मात्र प्राणाला मुकला. दर वर्षी माघ पौर्णिमेला अनेक राज्यांतून हजारो गोंड भाविक येथे जमतात. भूशास्त्रज्ञाला गुहा पाहून पाण्याच्या व काळाच्या शक्तीचा अचंबा वाटतो. भाविकाला ती शिळा आठवते. दोघांपैकी कोणालाही दुसऱ्याला हसण्याचे कारण नाही. अशा ठिकाणी शिळांवर रंगाने आपले नाव लिहिणारा प्रवासी मात्र दोघांचाही अपराधी होय. ज्या खडकाने कोट्यवधी वर्षांचा इतिहास जपला, त्यावर सहलीची तारीख खरडण्यात कसला पराक्रम?

लोणारच्या सरोवराला आज देशाचा भूवारसा म्हणून मान आहे. तेवढा मान सर्वांना मिळणे शक्य नाही; पण दरेकसा स्थानकावर आणि हाजरा धबधब्याच्या वाटेवर तेथील खडकाचे नाव व वय सांगणारी एक साधी पाटी लावणे मुळीच अवघड नाही. मुंबईहून हावड्याकडे जाणाऱ्या गाड्या येथे डोंगर फोडून काढलेल्या बोगद्यातून जातात. त्यांतील प्रवाशांनाही आपण कशाच्या पोटातून चाललो आहोत, हे कळावयास हवे. शाळांनीही आपापल्या गावच्या दगडांचा लहानसा संग्रह करावा, आणि प्रत्येक दगडाखाली त्याचे नाव, गाव व तो सापडल्याची तारीख लिहावी. नमुने मात्र घ्यावेत ते रस्त्याकडेच्या गिट्टीच्या ढिगातून, विहिरीच्या खोदकामातून किंवा नाल्यात वाहून आलेल्या गोट्यांतून. गुहेच्या भिंतीवर वा धबधब्याच्या कड्यावर हातोडी घालून नव्हे.