रात्रीच्या लहरींवर गावाकडचा आवाज

अमेरिकेत ज्याला फुटबॉल म्हणतात त्या खेळाचा आपल्याकडच्या फुटबॉलशी संबंध नावापुरताच. तिकडचा चेंडू लांबट, दोन्ही टोकांना निमुळता. तो पायापेक्षा हातानेच अधिक खेळला जातो. खेळाडू डोक्यावर शिरस्त्राण चढवून आणि खांद्यांवर जाडजूड गाद्या बांधून एकमेकांवर आदळतात. या खेळातील व्यावसायिक संघांची संघटना म्हणजे नॅशनल फुटबॉल लीग. ती १९२० साली स्थापन झाली आणि आज तिच्यात ३२ संघ आहेत. सप्टेंबरपासून जानेवारीपर्यंत दर आठवड्याला, मुख्यतः रविवारी, सामने होतात. फेब्रुवारीत अंतिम सामना होतो. एवढे चार-पाच महिने घरोघरी दुसरा विषय नसतो.

प्रत्येक शहराचे प्रेम आपल्या संघावर. पण माणसे जन्मभर एका शहरात थोडीच राहतात! शिक्षण, नोकरी, लग्न अशा कारणांनी ती दुसऱ्या राज्यात जातात. १९८० च्या दशकात पिट्सबर्गचे पोलादाचे कारखाने एकामागून एक बंद पडले, तेव्हा हजारो कुटुंबांनी पोटापाण्यासाठी ते शहर सोडले. सामान गाडीत भरून नेता आले, संघ मात्र मागे राहिला. नव्या गावी रविवारी दुपारी टीव्ही लावला की त्यावर नव्या गावाचाच संघ. आपला संघ त्याच वेळी हजार किलोमीटरवर खेळत असतो आणि त्याची बातमी मिळते ती केवळ गुणसंख्येपुरती.

याला कारण टीव्हीच्या हक्कांची वाटणी. रविवारी दुपारी एकाच वेळी अनेक सामने चालतात आणि ज्या भागात ज्या संघाचे चाहते, तिथे त्याचा सामना दाखवायचा, अशी पद्धत आहे. एके काळी तर याहून अजब प्रकार होता. सामना ज्या शहरात असे तिथेच तो टीव्हीवर दाखवायला बंदी होती. लोकांनी तिकीट काढून मैदानावर यावे, हा हेतू. तेव्हा न्यूयॉर्कचे चाहते शेजारच्या कनेक्टिकट राज्यात जाऊन तिथल्या लॉजमधल्या टीव्हीवर आपल्याच गावातला सामना बघत! १९७३ मध्ये कायदा झाला आणि सामन्याची सर्व तिकिटे ७२ तास आधी खपली तर बंदी उठू लागली. लीगने हा नियमच २०१५ मध्ये बाजूला ठेवला.

आपला माणूस, आपला आवाज

टीव्हीवर सामन्याचे वर्णन करणारे लोक साऱ्या देशासाठी बोलतात. त्यांना दोन्ही संघ सारखेच. रेडिओचे तसे नाही. प्रत्येक संघाचे स्वतःचे रेडिओ केंद्र ठरलेले असते आणि आजूबाजूच्या गावांतली लहान केंद्रे त्याच्याशी जोडलेली असतात. वर्णन करणारा माणूसही संघाचा, म्हणजेच गावाचा. तो वर्षानुवर्षे तोच असतो. फिलाडेल्फियाच्या ईगल्स संघाचे धावते वर्णन मेरिल रीस यांनी १९७७ मध्ये हाती घेतले आणि दोन पिढ्या त्यांच्या आवाजावर वाढल्या.

पिट्सबर्गच्या मायरन कोप यांची गोष्ट तर ऐकण्यासारखी. आवाज चिरका, उच्चार अस्सल पिट्सबर्गी. रेडिओसाठी हा माणूस कोण निवडेल, असे कुणालाही वाटावे. पण १९७० पासून ३५ हंगाम ते स्टीलर्स संघाच्या सामन्यांवर बोलत राहिले. आनंद झाला की 'यॉय!' असे ओरडत. १९७५ मध्ये चाहत्यांनी पिवळा टॉवेल फडकवत मैदानावर यावे, ही कल्पना त्यांचीच. पुढे १९९६ मध्ये या टॉवेलचे हक्क त्यांनी अपंग मुलांना सांभाळणाऱ्या एका शाळेला देऊन टाकले. त्यांचा स्वतःचा मुलगा तिथे होता. अशा माणसाचा आवाज ऐकण्यासाठी लोक टीव्हीवर चित्र लावत, त्याचा आवाज बंद करत आणि शेजारी रेडिओ सुरू ठेवत.

मराठी माणसाला हे नवीन नाही. बाळ ज. पंडित यांचे मराठीतले क्रिकेटचे धावते वर्णन ज्यांनी कानाला ट्रान्झिस्टर लावून ऐकले, त्यांना गुणफलक वाचणे आणि आपल्या भाषेत सामना ऐकणे यांतला फरक समजावून सांगावा लागत नाही.

अंधार पडला की

लीगचा सामना देशभर ऐकवण्याची सुरुवात १९३४ मध्ये झाली. डेट्रॉइटच्या लायन्स संघाचे मालक जॉर्ज रिचर्ड्स यांचे स्वतःचे रेडिओ केंद्रही होते. 'थँक्सगिव्हिंग' या सणाच्या दिवशी त्यांनी शिकागोच्या बेअर्स संघाशी सामना ठरवला आणि एनबीसीच्या ९४ केंद्रांवरून तो ऐकवला गेला. लायन्स १९-१६ असे हरले, पण सणाच्या दिवशी डेट्रॉइटमध्ये सामना ही प्रथा पडली, ती आजही चालू आहे.

मात्र परराज्यातल्या चाहत्याला खरी मदत केली ती निसर्गाने. मध्यम लहरींवरचे केंद्र दिवसा फार लांब ऐकू येत नाही. वर आयनांबरात 'डी' नावाचा एक थर असतो. तो सूर्यप्रकाशामुळे तयार होतो आणि या लहरी शोषून घेतो. सूर्य मावळला की हा थर विरतो. मग लहरी आणखी वरच्या थरांपर्यंत पोचतात आणि तिथून परतून शेकडो किलोमीटरवर जमिनीवर उतरतात. दिवसा ज्या जागी नुसती खरखर असते, तिथे रात्री हजार-बाराशे किलोमीटरवरचे शहर बोलू लागते.

याचा फायदा घेता यावा म्हणून अमेरिकन सरकारने काही केंद्रांना ५० किलोवॅटपर्यंत शक्ती दिली आणि त्यांच्या जागेवर रात्री दुसऱ्या केंद्रांची फारशी गर्दी होऊ नये अशी व्यवस्था केली. सिनसिनाटीच्या डब्ल्यूएलडब्ल्यू केंद्राने तर १९३४ ते १९३९ या काळात प्रयोग म्हणून ५०० किलोवॅटवर प्रक्षेपण केले. पुढे अशी अनेक बलाढ्य केंद्रे फुटबॉल संघांची झाली. सिनसिनाटीचे बेंगल्स ७०० किलोहर्ट्झवर, डेन्व्हरचे ब्रॉन्कोज ८५० वर, न्यू ऑर्लिन्सचे सेंट्स ८७० वर. शिकागोचे बेअर्स २००० पासून २०२२ पर्यंत ७८० वर होते, २०२३ पासून ते १००० वर गेले. फुटबॉलचा हंगाम थंडीचा आणि थंडीत रात्री मोठ्या, हाही एक योगच.

केंद्र शोधायचे कसे

यासाठी महागडा रेडिओ लागतोच असे नाही. लागते ती चिकाटी. रेडिओची उभी काढता येणारी दांडी मध्यम लहरींसाठी कामाची नसते. या लहरी पकडतो तो आत बसवलेला फेराइटचा आडवा दांडा. म्हणून दांडी ताणत बसण्यापेक्षा रेडिओ जागच्या जागी हळूहळू फिरवावा. एका दिशेला आवाज चढतो, दुसऱ्या दिशेला जवळजवळ नाहीसा होतो. एकाच जागी दोन केंद्रे भांडत असतील तर नको असलेल्या केंद्राचा आवाज पडेल, असा कोन साधावा. ट्यूबलाइट, टीव्ही, मोबाइलचा चार्जर यांपासून रेडिओ दूर ठेवावा. मोटारीतला रेडिओ बरेचदा घरातल्यापेक्षा सरस ठरतो. अनेक चाहते म्हणूनच सामन्याच्या वेळी गावाबाहेर मोकळ्या जागी गाडी उभी करून ऐकत.

लागलेले केंद्र कोणते, हे ओळखण्याचीही सोय आहे. अमेरिकेत प्रत्येक केंद्राला साधारण दर तासाच्या ठोक्याला आपले नाव आणि गाव सांगावे लागते. नाव 'डब्ल्यू'ने सुरू झाले तर केंद्र बहुधा मिसिसिपी नदीच्या पूर्वेचे आणि 'के'ने सुरू झाले तर पश्चिमेचे.

आपल्याकडून रेडिओ घेऊन जाणाऱ्यांनी एक गोष्ट पाहावी. भारतात मध्यम लहरींची केंद्रे नऊ-नऊ किलोहर्ट्झच्या अंतराने असतात, अमेरिकेत दहा-दहाच्या. आकडे दाखवणाऱ्या रेडिओत हा बदल करण्याची सोय नसेल, तर तिकडची बरीच केंद्रे नीट लागत नाहीत.

वेळेचेही गणित आहे. पूर्वेकडच्या वेळेनुसार दुपारी एकला सुरू होणारा सामना लांबून ऐकू येणे कठीण, कारण सूर्य डोक्यावर असतो. चारच्या सुमारास सुरू होणाऱ्या सामन्याचे डिसेंबरात नशीब उघडते. पूर्वार्धात खरखर आणि उत्तरार्धात, अंधार पडता पडता, आवाज स्पष्ट होत जातो. रात्रीचे सामने सर्वांत उत्तम.

कुंपणे

आता ही वाट अरुंद झाली आहे. अनेक संघांचे वर्णन एफएमवर गेले. एफएमचा आवाज स्वच्छ, पण त्याच्या लहरी सहसा वरून परतत नाहीत. शंभरेक किलोमीटरवर त्यांची धाव संपते. काही कंपन्यांनी विजेवर चालणाऱ्या मोटारींतून मध्यम लहरींचा रेडिओच काढून टाकला. तो प्रत्येक गाडीत असावा, असे विधेयक २०२३ मध्ये अमेरिकन संसदेत मांडले गेले.

इंटरनेट आले तेव्हा वाटले की आता प्रश्नच मिटला. कुठलेही केंद्र कुठेही ऐकता येईल. तसे झाले नाही. केंद्राचे इतर कार्यक्रम जगभर ऐकू येतात, पण सामना सुरू झाला की परगावच्या श्रोत्याला बहुधा दुसरेच काही ऐकवले जाते, कारण सामन्याचे हक्क वेगळे विकलेले असतात. सिरियस या उपग्रह रेडिओ कंपनीने लीगशी करार केला आणि २००४ च्या हंगामापासून वर्गणी भरणाऱ्याला सर्व सामने ऐकण्याची सोय झाली. २०२२ मध्ये लीगने स्वतःची 'एनएफएल प्लस' ही सेवा काढली, तिच्यातही वर्गणीदाराला परराज्यातल्या संघाचे वर्णन ऐकता येते. सोय उत्तम. पण जे आकाशातून फुकट उतरत होते, त्याला दरमहा पैसे पडू लागले.

पुरानंतरचा हंगाम

हे सारे खेळापुरतेच आहे, असे वाटत असेल तर न्यू ऑर्लिन्सची हकीकत पाहावी. २९ ऑगस्ट २००५ रोजी कतरिना चक्रीवादळ आले. बंधारे फुटले आणि शहराचा सुमारे ८० टक्के भाग पाण्याखाली गेला. लाखो लोक ह्यूस्टन, अटलांटा, बॅटन रूज अशा शहरांत विखुरले. ज्या सुपरडोम मैदानात सेंट्स खेळत, तिथे हजारो निर्वासितांनी हाल सोसले. डब्ल्यूडब्ल्यूएल हे ८७० किलोहर्ट्झवरचे केंद्र मात्र बोलत राहिले. एरवी एकमेकांशी स्पर्धा करणारी केंद्रे एकत्र आली. कोण कुठे आहे, कुठल्या भागात पाणी किती, कुणाची मदत हवी, हे त्याच जागेवरून कळत होते.

त्या हंगामात सेंट्सना घरचे मैदान नव्हते. त्यांचा 'घरचा' म्हणवला गेलेला पहिला सामना न्यू जर्सीत झाला, तीन सॅन अँटोनियोत, चार बॅटन रूजमध्ये. सोळांपैकी तीनच सामने त्यांनी जिंकले. घर गमावलेल्या माणसाला अशा हरणाऱ्या संघाचे काय, असे कुणी म्हणेल. पण ज्या केंद्राने पुराच्या बातम्या दिल्या, तेच सेंट्सचे मुख्य केंद्र होते आणि सामन्याचे वर्णन करणारे जिम हेंडरसन १९८० च्या दशकापासून लोकांच्या कानात बसलेले. रात्री ह्यूस्टन किंवा अटलांटात ८७० लावले की आपल्या शहराचा उच्चार कानी येई. शहर अजून आहे, याची ती खूण होती.

२५ सप्टेंबर २००६ रोजी, सोमवारी रात्री, दुरुस्त झालेल्या सुपरडोममध्ये सेंट्स परतले. प्रतिस्पर्धी अटलांटाचे फाल्कन्स. सामना सुरू होऊन काही मिनिटेच झाली होती, तोच स्टीव्ह ग्लीसन या खेळाडूने फाल्कन्सची किक अडवली आणि त्यातून सेंट्सचे पहिले गुण झाले. निकाल २३-३. त्या क्षणाचा पुतळा २०१२ पासून मैदानाबाहेर उभा आहे. तो आत बसून पाहणारे सत्तर हजार. शहरात परत येऊ न शकलेले कितीतरी जण त्या रात्री दूरच्या गावी होते, आणि त्यांचेही ते पुनरागमनच होते.

आज निकाल मोबाइलवर क्षणात कळतो. त्यासाठी रेडिओची गरज उरलेली नाही. परदेशी शिकणारा मुलगा दूरध्वनीवर 'सगळं ठीक आहे' म्हणतो, तेवढ्याने आईचे समाधान होत नाही. तिला त्याचा आवाज थोडा वेळ ऐकायचा असतो. परगावी गेलेल्या चाहत्याचेही तसेच. आणि ज्यांची मुले अमेरिकेतच वाढली, अशा मराठी आईवडिलांनी एक करून पाहावे. मुलगी शिकागो सोडून दुसऱ्या राज्यात शिकायला निघाली, तर तिच्या सामानात लोणच्याच्या बरणीशेजारी एक लहानसा रेडिओ ठेवावा, आणि डिसेंबरातल्या रात्री काटा कुठल्या आकड्यावर न्यायचा तेही चिठ्ठीवर लिहून द्यावे.