नवव्या पिढीचा नियम आणि सत्तर पिढ्यांची कोंडी

१३ सप्टेंबर २०२५ रोजी लंडनच्या रस्त्यांवर एक लाखाहून अधिक लोक उतरले. हातात सेंट जॉर्जचा पांढरा-लाल झेंडा आणि तोंडी परक्यांना हाकलण्याची भाषा. त्याच्या आदल्या वर्षी साऊथपोर्ट येथे तीन मुलींची हत्या झाली, तेव्हा मारेकरी मुसलमान निर्वासित असल्याची खोटी अफवा उठवली गेली आणि मशिदींवर व निर्वासितांच्या मुक्कामाच्या हॉटेलांवर हल्ले झाले. देश मूळच्यांचा, बाकीचे उपरे, असा हा सूर आहे. आपल्याला तो ओळखीचाच आहे. म्हणून आम्ही साधा प्रश्न विचारतो : हा मूळचा इंग्रज म्हणजे नेमका कोण?

सॉमरसेट परगण्यातील चेडर येथील गुहेत १९०३ साली सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीचा सांगाडा सापडला. २०१८ साली त्याच्या जनुकांची तपासणी झाली. त्या माणसाचा वर्ण बहुधा काळसर होता, असा निष्कर्ष निघाला आणि गोरेपणाच्या अभिमान्यांचे तोंड कडू झाले. त्यानंतर सुमारे सहा हजार वर्षांपूर्वी आजच्या तुर्कस्तानकडून युरोपभर पसरलेल्या शेतकऱ्यांचे वंशज तिथे पोचले. स्टोनहेंजची उभारणी सुरू केली ती त्यांनी. इसवी सनापूर्वी २४५० च्या सुमारास आणखी एक लोंढा आला आणि काही शतकांत बेटावरील जवळजवळ नव्वद टक्के वंशवारसा बदलून गेला. ज्या झेंड्याखाली हे मोर्चे निघतात, तो सेंट जॉर्जही परंपरेनुसार तुर्कस्तानातील कॅपाडोशियाचाच!

मग केल्ट तरी मूळचे म्हणावेत काय? केल्ट हे नाव ग्रीक लेखकांनी युरोपच्या मुख्य भूमीवरील लोकांना दिले होते. ब्रिटनमधील लोकांना प्राचीन लेखकांनी केल्ट म्हटलेले नाही. १७०७ साली एडवर्ड लुईड या विद्वानाने वेल्श, आयरिश, कॉर्निश, ब्रेटन या भाषांचे नाते दाखवून दिले आणि पुढे त्या बोलणाऱ्यांवर हे नाव चिकटले. २०१५ च्या मोठ्या जनुकीय पाहणीतही एकसंध केल्टिक वंश काही सापडला नाही. भाषेचे नाते होते, त्याचे रक्ताचे नाते केले गेले. आर्य या शब्दाचे आपल्याकडे जे झाले, तेच हे.

आता अँग्लो-सॅक्सनांकडे वळू. रोमन सत्ता इसवी सन ४१० च्या सुमारास संपली. त्यानंतर अँगल, सॅक्सन, ज्यूट हे लोक आजच्या जर्मनी-डेन्मार्कच्या किनाऱ्यावरून आले, असे बीड या भिक्षूने ७३१ साली पुरा केलेल्या इतिहासात लिहून ठेवले. २०२२ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने त्याला दुजोरा दिला. पूर्व व दक्षिण इंग्लंडमधील त्या काळच्या दफनांत सरासरी ७६ टक्के वंशवारसा उत्तर समुद्रापलीकडचा निघाला. म्हणजे ज्यांच्या नावावरून देशाला इंग्लंड म्हणतात, तेच मुळात बोटीतून आलेले!

हे उपरे सत्ताधारी झाले आणि जे आधीपासून तिथे होते, त्यांनाच त्यांनी 'वेल्श' म्हटले. या शब्दाचा मूळ अर्थ परका. पुढे त्याला गुलाम असाही अर्थ आला. वेसेक्सचा राजा इने याने सातव्या शतकाच्या अखेरीस केलेला कायदा आमच्या वाचकांनी मुद्दाम समजून घ्यावा. मनुष्यवध झाला तर मारेकऱ्याने भरपाई द्यायची. सामान्य सॅक्सनाच्या जिवाची किंमत २०० शिलिंग. एका कुटुंबाला पुरेल एवढी जमीन बाळगणाऱ्या वेल्शाची १२० आणि भूमिहीन वेल्शाची अवघी ६०. माणसाच्या जिवाची किंमत जन्मावरून ठरवणारा हा कायदा वाचताना मनुस्मृतीची आठवण कोणाला होणार नाही?

परंतु खरा फरक इथून पुढे आहे. दोनशे वर्षांनी राजा आल्फ्रेडने स्वतः केलेल्या कायद्यात वेल्शासाठी असा वेगळा दर आढळत नाही. भेद का गळून पडला? कारण लोक एकमेकांत मिसळले. २००६ साली काही संशोधकांनी त्या काळी वर्णभेदासारखी, लग्नबंदीची व्यवस्था असावी असे मांडले होते. २०२२ च्या संशोधनात मात्र डोव्हरजवळच्या बकलंड दफनभूमीत एकाच कुटुंबाच्या पिढ्या सापडल्या. आधीच्यांचा वारसा समुद्रापलीकडचा, पुढच्यांचा मिश्र. जेता आणि जित एकाच घरात नांदले, एकाच भूमीत पुरले गेले.

बाबासाहेबांनी ही बाब १९४८ सालीच हेरली होती. अस्पृश्य मूळचे कोण, या प्रश्नावरील ग्रंथात त्यांनी आयर्लंड आणि वेल्सचे दाखले दिले आहेत. टोळीयुद्धांत वाताहत झालेली माणसे दुसऱ्या टोळीच्या आश्रयाला येत. त्यांना आयर्लंडमध्ये 'फुइधिर' आणि वेल्समध्ये 'अल्टुड' म्हणत. रक्ताचे नाते नाही म्हणून त्यांची वस्ती वेगळी, म्हणजे आपल्या भाषेत गावकुसाबाहेर. मग तिथले गावकूस कोसळले कसे? बाबासाहेब वेल्सचा नियम सांगतात. परक्याचे कुटुंब तिथेच राहिले तर नवव्या पिढीला ते टोळीचे होई. आणि त्यांनी पिढ्यान्‌पिढ्या तिथल्याच मुलींशी लग्ने केली तर चौथ्याच पिढीला! परकेपणाला तिथे मुदत होती. आपल्याकडे अस्पृश्यतेने ती मुदतच काढून टाकली.

या निष्कर्षाला विज्ञानाची साक्षही मिळाली आहे. पश्चिम बंगालमधील कल्याणी येथील संशोधकांनी २०१६ साली दाखवून दिले की, भारतातही एके काळी लोक मिसळत होते. सुमारे सत्तर पिढ्यांपूर्वी, म्हणजे गुप्तकाळाच्या आसपास, उच्चवर्णीयांत हे मिसळणे एकाएकी थांबले. काळाचा योग पाहा! तिकडे सॅक्सन आणि ब्रिटन एकमेकांच्या घरात जाऊ लागले, त्याच सुमारास इकडे लग्नाचे दरवाजे बंद झाले. जातीचे मर्म सजातीय विवाहात आहे, हे बाबासाहेबांनी कोलंबिया विद्यापीठात १९१६ सालीच सांगितले होते.

आमच्या चळवळीतही मूळ कोण आणि बाहेरचा कोण, या वादाची गोडी अनेकांना आहे. आम्हाला ती धोक्याची वाटते. बाबासाहेबांनी आर्यवंशाचा सिद्धांत १९४६ साली सप्रमाण फेटाळला आणि अस्पृश्य हा वेगळा वंश आहे, हेही नाकारले. रक्त मोजायला बसलो तर लंडनच्या मोर्चेकऱ्यांत आणि आपल्यात फरक काय राहिला? आपला लढा बंद दरवाजाशी आहे, कोणाच्या रक्ताशी नाही.

आणि तो दरवाजा आता इंग्लंडमध्येही जाऊन पोचला आहे. आपल्या देशातून गेलेल्यांनी जात सोबत नेली. जातीय भेदभावाला कायद्याने बंदी घालावी, असे ब्रिटिश संसदेने २०१३ साली सरकारला बजावले. २०१८ साली सरकारने त्यातून अंग काढून घेतले. वेल्शाचा वेगळा दर ज्या भूमीत दोनशे वर्षांत नाहीसा झाला, तिथे सत्तर पिढ्यांचे हे ओझे मुकाट्याने चालवून घेतले जावे काय? तिथल्या आंबेडकरी बांधवांनी हा प्रश्न विचारत राहावा. आणि इथे राहणाऱ्या आपण प्रत्येकाने आपापल्या घरात, मुला-मुलींची लग्ने ठरवताना, तो स्वतःला विचारावा.