खरखरीचाही एक प्रयोग

१९५१ साली न्यूयॉर्कमध्ये जॉन केज या संगीतकाराने मंचावर १२ रेडिओ मांडले आणि त्यांच्यापाशी २४ जण बसवले. एकाने स्टेशन बदलायचे, दुसऱ्याने आवाज कमी-जास्त करायचा. कधी काय फिरवायचे ते स्वरलिपीत नेमके लिहिलेले होते; ऐकू काय येणार, ते मात्र त्या घटकेला हवेत जे असेल त्यावर. कार्यक्रमाला रात्र इतकी झाली की बरीच केंद्रे बंद झालेली होती आणि श्रोत्यांच्या वाट्याला फारसे काही आले नाही. असल्या प्रकाराला शहरी चोचले म्हणून हसण्याची आपली रीत आहे. पण रेडिओवरचा प्रयोग मोठ्या शहरापेक्षा कराडला खेटून असलेल्या मलकापुरात अधिक रुजेल, असे मला वाटते, कारण त्याचा अस्सल नमुना याच मुलखातल्या माणसाने घडवला आहे. कवी गदिमा, म्हणजे ग. दि. माडगूळकर, मूळचे आटपाडीजवळच्या शेटफळ्याचे. १९५५च्या रामनवमीला पुणे आकाशवाणीवरून त्यांचे ‘गीतरामायण’ सुरू झाले: आठवड्याला एक नवे गीत, असे वर्षभर. बेत ५२ गीतांचा होता; त्या वर्षी अधिक महिना आला आणि गीते ५६ झाली. पंचांगाने कलाकृतीची लांबी ठरवावी, याहून धाडसी प्रयोग कोणता? आज सगळी गीते सलग ऐकता येतात, म्हणून पुढच्या गीतासाठी आठवडाभर थांबणे हा त्या रचनेचाच भाग होता, हे ध्यानात येत नाही.

यावर कोणी म्हणेल, मोबाइलच्या काळात रेडिओ ऐकतो कोण? श्रोते घटले असतील, पण मोबाइलवर जो तो आपल्या सवडीने ऐकतो. एकाच क्षणी सगळ्यांनी ऐकणे आणि तो क्षण निसटला की गेला, हे प्रक्षेपणाचेच बळ, आणि प्रयोगाला नेमके तेच लागते. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: लोकांना हे कळणार नाही. केजच्या बाबतीत तो खराही ठरेल. ‘गीतरामायणा’ची मात्र कथा घरोघरी ठाऊक होती, म्हणून नवा घाट पचला. इथेही ओळखीच्या गोष्टीपासून सुरुवात करावी. गळीत हंगामातल्या पहाटेचे आवाज, महामार्ग आणि कराडच्या प्रीतिसंगमावरची वर्दळ थेट प्रक्षेपणात गुंफता येईल. नळाला चोवीस तास पाणी देऊन दाखवणाऱ्या मलकापूरला प्रयोगाचे वावडे नसावे.

सोयही अगदीच नाही असे नाही. सांगलीचे आकाशवाणी केंद्र १९६३ पासून आहे, साताऱ्यातही केंद्र आहे. सामुदायिक रेडिओचा परवाना शिक्षणसंस्थांना मिळू लागला त्याला दोन दशके उलटली, २००६ पासून स्वयंसेवी संस्थांनाही तो मिळतो. माणदेशातल्या म्हसवडला असे केंद्र उभे राहिले. मलकापुरात तर अभिमत विद्यापीठ आहे. आकाशवाणीने आठवड्यातला एक तास ध्वनिमुद्रित गाण्यांतून काढून अशा थेट प्रयोगाला द्यावा, आणि तो फसला तरी वर्षभर बंद करू नये.