हाकुबा: ‘पांढऱ्या घोड्या’च्या गावात आता शेती कोण करणार?

जपानच्या नागानो प्रांतातलं हाकुबा गाव जगाला माहीत आहे ते स्कीइंगसाठी. १९९८ च्या हिवाळी ऑलिम्पिकमधलं स्की जंपिंग इथेच झालं. पण या गावाच्या नावामागे शेती आहे.

ती कशी?

हाकुबा म्हणजे पांढरा घोडा. मूळ घोडा मात्र काळा! वसंतात बर्फ वितळला की डोंगरावर उघड्या खडकात घोड्याचा आकार दिसतो. तो दिसला की भातखाचरांची चिखलणी सुरू करायची, हा इथला जुना संकेत. चिखलणीच्या या घोड्याला ‘शिरोउमा’ म्हणत. ‘शिरो’ म्हणजे पांढराही. पुढे लिहिताना ‘पांढरा’ हे अक्षर आलं आणि अर्थच बदलला, असं सांगितलं जातं.

मग अडचण काय?

इथे पर्यटन आलं ते शेतीला जोड म्हणून. शेतकरी घरातल्याच खोल्या गिर्यारोहकांना आणि स्कीइंगला येणाऱ्यांना देत. आता येन स्वस्त झाल्याने परदेशी पर्यटक आणि गुंतवणूकदारांची रीघ लागली आहे. जमिनीच्या दरवाढीत हाकुबा जपानमध्ये आघाडीवर आहे. त्यामुळे स्थानिक तरुणांना गावातच घर घेणं जड जातंय.

वारसा वाचेल?

गावातल्या आओनी वस्तीची जुनी घरं २००० पासून राष्ट्रीय संरक्षणाखाली आहेत. तिथल्या पायऱ्यांच्या भातशेतीची १९९९ मध्ये देशातल्या निवडक खाचरांत नोंद झाली. पण घरं कायद्याने टिकतात, खाचरं नाही. त्यांची चिखलणी दरवर्षी कुणीतरी करावी लागते. पर्यटनाचा पैसा त्या हातांपर्यंत पोहोचतो का, हाच हाकुबापुढचा खरा प्रश्न आहे.