पाण्याआधी विरघळणारा पदार्थ

विज्ञानकथेचा विषय निघाला की मराठीत दोन प्रश्न हमखास विचारले जातात. तिच्यातले विज्ञान बरोबर आहे का, हा पहिला. आणि तिच्यातले भाकीत पुढे खरे ठरले का, हा दुसरा. आम्हांला हे दोन्ही प्रश्न अपुरे वाटतात. ज्या कथेतले विज्ञान उघड उघड खोटे आहे आणि जिचे भाकीत खरे ठरण्याची सुतराम शक्यता नाही, तिच्यापाशी हे प्रश्न निरुत्तर होतात. तरीही अशी कथा आपल्याला काही महत्त्वाचे सांगून जाऊ शकते. आयझॅक असिमॉव्हचे 'थायोटिमोलिन' हे तिचे उत्तम उदाहरण होय.

थायोटिमोलिन हा काल्पनिक पदार्थ. एका झुडपाच्या सालीपासून काढलेला आणि पाण्यात इतक्या तत्परतेने विरघळणारा, की पाणी ओतण्याच्या १.१२ सेकंद आधीच तो विरघळून जातो. कारण असे, की त्याच्या रेणूतल्या एका कार्बन अणूच्या चार बंधांपैकी दोनच नेहमीच्या अवकाशात आहेत. उरलेल्यांपैकी एक भूतकाळात आणि एक भविष्यकाळात गेलेला आहे! असिमॉव्ह तेव्हा कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्राचा संशोधक विद्यार्थी होता. कॅटेकोलचे स्फटिक पाण्याला स्पर्श होताक्षणी नाहीसे होताना पाहून त्याला ही कल्पना सुचली. प्रबंध लिहिण्याआधी हात बसावा म्हणून त्याने ती कथेच्या नव्हे, तर शोधनिबंधाच्या रूपात लिहिली : तक्ते, आलेख आणि अखेरीस बनावट संदर्भ, अशा सर्व सरंजामासह. मार्च १९४८ च्या 'अस्टाउंडिंग सायन्स फिक्शन'मध्ये ती प्रसिद्ध झाली. परीक्षक रागावतील या भीतीने त्याने टोपणनाव मागितले होते, पण लेख छापला गेला तो खऱ्या नावानेच. तोंडी परीक्षेत अखेरचा प्रश्न थायोटिमोलिनवरच आला आणि त्याला हसू आवरेना. पदवी अर्थातच मिळाली.

इथवरचा भाग विनोदाचा. पण निबंधातली एक गोष्ट आम्हांला विनोदापलीकडची वाटते. पाणी ओतणाऱ्याचा निश्चय डळमळीत असेल, तर ते १.१२ सेकंदांचे अंतर घटते. म्हणजे हा पदार्थ पाण्याला नव्हे, माणसाच्या संकल्पाला प्रतिसाद देतो. १९५३ च्या दुसऱ्या लेखात त्याचा उपयोग मनोविकारांच्या निदानासाठी होतो, तो यामुळेच. १९६० च्या तिसऱ्या लेखात सुमारे ७७,००० उपकरणांची साखळी जोडून ते अंतर एका दिवसापर्यंत नेलेले आहे. आता उपग्रह सोडण्याआधीच उड्डाण यशस्वी होणार की नाही, हे कळू शकते. १९७३ च्या कथेत तर हा पदार्थ ताऱ्यांकडे जाणाऱ्या यानांच्या उपयोगी पडतो.

धोका उपजतो तो याच साखळीतून. पदार्थ विरघळलेला पाहिल्यावर पाणी ओतायचेच नाही, असे कोणी ठरवले तर? असिमॉव्हचे उत्तर मार्मिक आहे. पाणी येतेच. तुम्ही ओतले नाही तर वादळ येते, पूर येतो. नोहाच्या काळातल्या महाप्रलयाचा धागाही तो गमतीने इथेच जोडतो. वाचकांना कंसाची आठवण होईल. आठव्या पुत्राची आकाशवाणी ऐकून त्याने जे जे उपाय केले, त्या उपायांनीच ती खरी झाली. फरक एवढाच, की कंसाला भविष्य आकाशाने सांगितले. इथे ते माणसाने स्वतःच्या सोयीसाठी, स्वतःच्या हाताने बनवले आहे. कृतीआधी फळ हवे, हा त्याचा हट्ट. फळ हाती आल्यावर कृती टाळता येईल, असे त्याला वाटते. पण ती टाळता येत नाही. फक्त तिचे मोल दुसऱ्या कोणाला तरी चुकवावे लागते.

आमच्या मते साहित्याच्या विद्यार्थ्यांनी आणि अध्यापकांनी हा धोका ओळखला पाहिजे, कारण आपल्या वर्गांत थायोटिमोलिन मुबलक आहे. कादंबरी हाती घेण्याआधी मार्गदर्शिकेतले उत्तर तयार असते. लेखक कोणत्या प्रवाहातला, कोणत्या गटातला, हे समजले की समीक्षेचा निष्कर्ष वाचनाच्या १.१२ सेकंद आधीच विरघळतो. आम्हीही या दोषापासून मुक्त नाही. आता यंत्राकडून लिहून घेतलेल्या टिपणांत अस्तित्वात नसलेल्या ग्रंथांचे संदर्भ आढळू लागले आहेत. न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात काही वाचक थायोटिमोलिनच्या लेखातली बनावट नियतकालिके मागू लागले होते, असे असिमॉव्हने सांगितले आहे. शोधनिबंधाचे नुसते रूपही विश्वास बसवायला किती पुरेसे असते, हे यावरून दिसते. पण असिमॉव्हचे वाचक निदान ग्रंथालयापर्यंत तरी गेले होते!

या संदर्भात आपल्याकडचे एक उदाहरण नोंदवावेसे वाटते. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेसाठी जयंत नारळीकरांनी 'कृष्णविवर' ही कथा पाठवली, ती नारायण विनायक जगताप या नावाने. स्वतःची आद्याक्षरे उलटी करून. असिमॉव्हला टोपणनाव हवे होते ते परीक्षकांच्या रोषापासून बचाव म्हणून. नारळीकरांना ते हवे होते, कारण त्यांचे प्रसिद्ध नाव परीक्षकांचा निर्णय वाचनाआधीच करून टाकेल अशी शंका त्यांना होती. परीक्षकांनी आधी कथा वाचली, मग पारितोषिक दिले. क्रम महत्त्वाचा होता, तो राखला गेला.

काल्पनिक पदार्थाचे विज्ञान खरे असावे लागत नाही. त्याचे नियम मात्र प्रामाणिकपणे शेवटपर्यंत पाळले जावे लागतात. असिमॉव्हने ते पाळले, म्हणून त्याची थट्टा आपल्यापर्यंत येऊन पोहोचते. तेव्हा विज्ञानकथा शिकवताना तिच्यातले बरोबर-चूक जरूर तपासावे. पण त्याआधी ती वाचावी. पाणी आधी, विरघळणे नंतर!