सगळं भांडवल मशीनमध्ये घालू नका!

चाकणला तेव्हा बनणाऱ्या पोलोची रेस फोक्सवॅगननं 2010 मध्ये सुरू केली. सगळ्यांना सारखीच गाडी, तरी पहिला नंबर एकाचाच!

आता महागडी जीटी रेसिंग बघा. 2022 मध्ये पोर्शेनं 911 जीटी3 आर जाहीर केली. तेव्हाची किंमत 5 लाख 11 हजार युरो, म्हणजे चार कोटींच्या वर, टॅक्स वेगळा. पण तिथेही वजन आणि पॉवरचे नियम लावून सगळ्या कंपन्यांच्या गाड्या जवळपास एका पातळीवर आणतात. मग फरक पडतो ड्रायव्हर आणि सेटअपमुळे. टायरमधली हवा, सस्पेन्शन, मागचा विंग. एकेक बदल करायचा, लॅप मारायचा, टाइम लिहायचा. टायर, ब्रेक, इंधन, मेकॅनिक हा खर्च तर गाडी घेतल्यावरच सुरू होतो.

आपल्या शिरूर-दौंडमध्ये काय होतं? लोन काढून तेलघाण्याचं मोठं मशीन येतं आणि शेंगदाणा घ्यायला पैसे उरत नाहीत. तेच मशीन शेजाऱ्यालाही मिळतं की!

माझं मत स्पष्ट आहे. मशीन थोडं लहान घ्या, पण किमान तीन महिन्यांचा चालू खर्च बाजूला ठेवा. मग रेट, पॅकिंग, दुकानाची वेळ, एका वेळी एकच गोष्ट बदला आणि विक्री वहीत लिहा. कोटेशनवर सही करण्याआधी हा हिशोब मांडाच.